बाटलीवरचं अक्षर

माझ्या भावाच्या तेलात रंग असतो हे मला माझ्या मुलाच्या चार वर्षं आधी कळलं होतं. त्याला रसायनशास्त्र शिकावं लागलं, मला चूल पुरली. पामचं लाल तेल नीट तापलं की फिकं पडतं, पिवळसर होतं. कांदा कधी टाकायचा ते आम्ही त्यावरूनच ठरवतो. त्या दिवशी भावाच्या डब्यातलं तेल धूर निघेपर्यंत तापवलं, तरी ते नव्या साडेतीन वाराच्या कापडासारखं लालभडक राहिलं. मी कढई उतरवली आणि तेल मागच्या गटारात ओतलं. तेव्हापासून माझ्या स्वयंपाकाचं तेल जुआबेनकडची एक बाई आणून द्यायची. भावाकडून दर महिन्याला डबा यायचा तो यायचाच. तो मी शेजारणींना वाटून टाकायची. हेही सांगायला हवं, म्हणून सांगते.

तेव्हा मी कुणाजवळ ब्र काढला नाही. माझ्या डोक्यावरचं छप्पर ब्रेम्पाँगदादाचं, माझा नवरा गेल्यावर माझ्या आदोमाकोच्या शाळा-कॉलेजचा खर्च दादाचा. आणि आमच्या असांते लोकांत माणसाचं जे काही असतं ते त्याच्या बहिणीच्या मुलाकडे जातं. कुमासीच्या असाफो बाजारामागचं ते मोठं गोदाम, तीन ट्रक, 'ब्रेम्पाँग तेल' असं लिहिलेले पिवळे डबे, हे सगळं उद्या आदोमाकोचं होणार होतं. मी मनाशी म्हणायची, पोराच्या हातात आलं की तो साफ करील. तोवर आपण डोळे मिटून घ्यावेत.

दादाला एकच मुलगी, कोनादू. तिची आई ती लहान असतानाच वारली. गोदामाचं ऑफिस तीच बघायची. माल आला-गेला, कुठल्या शाळेला किती डबे, कुठल्या खाणावळीला किती. पण आमच्या रिवाजाप्रमाणे ती तिच्या आईच्या कुळातली, आमच्या नव्हे. बापाच्या धंद्यावर तिचा हक्क काही नाही. ती गप्प पोर. लहानपणी सुट्टीत माझ्याकडे राहायची तेव्हा आदोमाको बोलायचा आणि ती ऐकायची. तो कॉलेजच्या वसतिगृहात गेल्यावर ती त्याला पत्रं लिहायची. फोन असताना पत्रं. मी ती पाहिली होती, वाचली नव्हती. फार वाचली नव्हती.

आदोमाको शिकून आला आणि जानेवारीत मामाच्या ऑफिसात बसू लागला. पहिल्याच आठवड्यात त्यानं तेल काढणाऱ्या बायकांना भाव वाढवून द्यायची गोष्ट काढली. दादा हसला आणि म्हणाला, "भाच्या, आधी खुर्ची गरम होऊ दे." पोरगं खुशीत होतं. संध्याकाळी कोनादूला सोडायला म्हणून जायचं आणि दोन तासांनी परत यायचं. मला कळत होतं, मी बरं वाटून घेत होते.

मग मार्चमधल्या एका रविवारी दादा चर्चमधून थेट माझ्याकडे आला. फुफू, म्हणजे कुटलेल्या कंदाचा गोळा, आणि पामतेलाचं सूप वाढलं. त्यानं पहिला घास घेण्याआधी सूप चमच्यानं ढवळून त्याचा रंग पाहिला. मी ते पाहिलं, आणि मी पाहिलं हे त्यानंही पाहिलं.

"आफ्रा," तो म्हणाला, "पोरांचं लग्न लावून टाकू."

"कुणाचं?"

"तुझ्या पोराचं आणि माझ्या पोरीचं. मामाची मुलगी, आत्याचा मुलगा. आपल्या आजीच्या वेळेला हेच व्हायचं."

"एवढी घाई कसली, दादा? त्याला येऊन तीन महिने झाले."

तो जेवत राहिला. हात धुताना म्हणाला, "भाचा फिरू शकतो. पण बायकोच्या बापाला कोण बुडवतो?"

तो गेल्यावर हे वाक्य माझ्या डोक्यातून जाईना. माझा मुलगा फिरेल असं त्याला का वाटावं?

आदोमाकोला सांगितलं तर तो लाजला आणि हो म्हणाला. कोनादूला तिच्या बापानं सांगितलं, तर ती म्हणे "बरं" एवढंच म्हणाली आणि डब्यांच्या याद्या पुढे लिहीत बसली. मला राग आला. माझ्या मुलात काय कमी होतं? मग संशय आला. बापानंच तिला कामाला लावलं असेल. पोराला बांधून ठेव, काय करतो ते सांगत जा. त्या दिवसापासून ती घरी आली की मी तिच्यावर नजर ठेवू लागले.

एप्रिलमध्ये आदोमाको एका दुपारी लवकर घरी आला आणि अंगणातल्या बाकावर बसून राहिला. त्याच्या हाताची बोटं लाल होती.

"साबणानं जात नाही," तो म्हणाला. "मागच्या शेडमध्ये निळी पिंपं आहेत, आई. त्यातली पावडर कापड रंगवायची आहे. जुनं, खवट तेल स्वस्तात घेतात आणि त्यात ही टाकतात. ही माणसाच्या पोटात जाता कामा नये. यानं कॅन्सर होतो."

मी विचारलं, "शेडमध्ये तू गेलास कसा?"

"दार उघडं राहिलं होतं. एरवी कुलूप असतं. किल्ली कोनादूकडे असते."

ते शेवटचं वाक्य तो माझ्याशी बोलला नाही, स्वतःशीच बोलला.

त्यानं तिला विचारलं. कसं विचारलं ते मला नंतर दोघांकडून वेगवेगळं कळलं. त्याचं म्हणणं, मी सरळ विचारलं, शेडमध्ये काय आहे, तर ती म्हणाली मला माहीत नाही, आणि माझ्याकडे बघितलंही नाही. तिचं म्हणणं, त्यानं आधी हात धरला, गोड बोलला, आणि मग किल्ली मागितली. किल्ली मागायची होती तर हात कशाला धरायचा? त्यानंतर संध्याकाळी सोडायला जाणं थांबलं नाही, पण तो अर्ध्या तासात परत येऊ लागला.

रात्रंदिवस तो चिडचिड करायचा. एकदा म्हणाला, "तक्रार केली तर मामा तुरुंगात, आणि ती मला जन्मात तोंड दाखवणार नाही. नाही केली तर मी काय म्हणून तिथं बसतो?"

मी म्हटलं, "थोडा धीर धर. सगळं तुझंच आहे."

"म्हणजे ती पिंपंही माझीच," तो म्हणाला.

मे महिन्यात बाजारात तपासणी झाली. अन्न तपासणारी माणसं आली, दुकानादुकानांतून तेलाचे नमुने घेऊन गेली. यापूर्वीही यायची. दादाचा तिथं आत एक माणूस होता, त्यामुळे आमचे नमुने नेहमी पास व्हायचे. या वेळी त्या माणसानंच दादाला निरोप दिला, की बाजारातून नाही, तुमच्या घरातून कुणीतरी बाटल्या पाठवतंय. वर्षभर पाठवतंय. आता त्या वरच्या साहेबांकडे गेल्यात, माझ्या हातात काही राहिलेलं नाही. पुरावा म्हणून त्यानं एका बाटलीवरची चिठ्ठी सोलून दिली.

दादा ती चिठ्ठी घेऊन माझ्याकडे आला. बोटाएवढा कागद; त्यावर तारीख, डब्यांच्या खेपेचा नंबर आणि 'मागची शेड' असे दोन शब्द. दादा चौथीपर्यंत शिकलेला, त्यात डोळ्यांत मोतीबिंदू. त्यानं कागद माझ्या नाकासमोर धरला.

"हे तुझ्या पोराचं अक्षर आहे?"

मी बघितलं. सात आकड्याला मधून आडवी रेघ मारलेली होती. माझा मुलगा सात साधा काढतो. अशी रेघ मारणारी आमच्या घरात एकच होती. दर महिन्याला माझ्या डब्यावर 'आत्या' लिहून खाली तारीख घालायची ती.

"चष्म्याशिवाय मला दिसत नाही," मी म्हटलं.

"मग चष्मा लाव."

"फुटलाय."

"तू आणि तुझा मुलगा," दादा म्हणाला. "मी दोघांना पोसलं. रसायनं शिकायला मीच पाठवलं त्याला. सुट्टीतही गोदामात यायचाच तो. मला वर्षभर वाटतच होतं, हा उलटेल. म्हणून पोरगी देत होतो." मग उठला. "शनिवारी कुळाची बैठक बोलावतोय. आईच्या स्टुलाला हात लावून त्यानं शपथ घ्यावी, की बाटल्या मी पाठवल्या नाहीत. नाही घेतली तर वारस दुसरा. आपल्या मावस बहिणीला चार मुलगे आहेत."

गेलेल्या आईचं स्टूल आमच्यात देवासारखं, त्यावर खोटी शपथ कुणी घेत नाही. तो गेल्यावर मी आदोमाकोची बॅग उपसली. खोटं कशाला बोलू, मी अशा गोष्टी करते. पुस्तकांखाली औषधाच्या दोन बाटल्या होत्या, लाल तेलानं भरलेल्या, बुचावर मेण लावलेलं. चिठ्ठी नव्हती. त्यानंही नमुने काढून ठेवले होते. ते पाठवायचा धीर त्याला झाला नव्हता.

दुसऱ्या दिवशी मी बाजारात कोनादूला गाठलं. केळी तळणाऱ्या बाईच्या बाकावर तिला बसवलं आणि म्हटलं, "सातावर रेघ मारायची सवय सोडायला हवी होतीस."

तिनं पानातली केळी खाली ठेवली. पोरगी रडली नाही, पळाली नाही. तिनं विचारलं, "बाबांना सांगितलंत?"

"नाही. का केलंस ते सांग."

"मुलींच्या वसतिगृहात आपले डबे जातात. मागच्या वर्षी मी स्वतः गाडीबरोबर गेले होते. जेवणाची वेळ होती. मुली जेवून हात धूत होत्या आणि त्यांची बोटं लालच राहत होती. एकमेकींना दाखवून हसत होत्या, आत्या. आणि माल पोचल्याच्या कागदावर खाली माझी सही. त्या आठवड्यापासून पाठवतेय. चौदा महिने झाले. काहीच होत नव्हतं. मला वाटायचं बाटल्या कुणी ओतून टाकतंय."

"आणि माझ्या मुलाला का नाही सांगितलंस?"

"तो बाबांचा वारस. बाबांच्या पैशावर शिकला, बाबांनी लग्न ठरवलं, मग किल्ली मागितली. मी काय समजायचं? मला वाटलं, माझ्यावर नजर ठेवायला तुम्हीच त्याला पाठवलंय."

"मला वाटत होतं तुझ्या बापानं तुला पाठवलंय."

"मग आता?"

मी तिला म्हटलं, घरी जा, गप्प राहा, कुणाला सांगू नकोस, आदोमाकोलाही नको.

इथं माझं मन कसं चाललं होतं ते सांगते, कारण पुढे लोकांनी मला फार थोर ठरवलं. दोघांचं खरं फक्त मला माहीत होतं. मी त्याला जाऊन सांगितलं असतं, की तुला हवी तशीच ती आहे, तर त्याच संध्याकाळी दोघं एक झाली असती. पण मी हिशोब केला. शनिवारी आदोमाको शपथ घेईल. बाटल्या त्यानं पाठवलेल्या नाहीतच, तेव्हा शपथ खरी. वारसा राहील. मग पुढे कधीतरी सावकाश तो रंग बंद करील. कोनादूवर संशय आला तर ती तिच्या आईच्या माणसांकडे जाईल, तिला तिकडे कोणी उपाशी ठेवणार नाही. हे मी चार दिवस मनात धरून बसले. पोरगा जेवत नव्हता आणि मी त्याला म्हणत होते, जेव, शनिवारी ताकद लागेल.

शनिवारी सकाळी दादाच्या दिवाणखान्यात सगळे जमले. कुळाचे वडील ओपानिन चेरेमे मध्ये बसले, त्यांच्यासमोर पांढऱ्या कापडावर आमच्या आईचं लाकडी स्टूल ठेवलेलं. मावस बहीण चारही मुलग्यांना इस्त्रीचे शर्ट घालून घेऊन आली होती. कोनादू आमच्या कुळातली नाही म्हणून तिला आत जागा नव्हती. ती पाण्याचे पेले देऊन व्हरांड्यात गेली. खिडकीच्या पट्ट्यांमधून तिची सावली दिसत होती.

दादा बोलला. धंदा कसा उभा केला, कुणाकुणाला शिकवलं, कुणाच्या मयताचा खर्च केला. खोटं एक अक्षर नव्हतं त्यात. रंगाबद्दल तो काही बोलला नाही, कुणी विचारलंही नाही. मग त्यानं चिठ्ठी चेरेमेंना दिली. चेरेमेंनी ती आदोमाकोकडे दिली. "बघ बाळा. हे तुझं आहे का?"

आदोमाकोनं कागद घेतला. मी त्याच्या तोंडाकडे बघत होते. कोनादूची पत्रं चार वर्षं पानंच्या पानं वाचलेली होती त्यानं. त्याचे ओठ थोडे उघडे राहिले. त्यानं खिडकीकडे बघितलं, तेवढ्यात सावरून कागद चेरेमेंच्या हातात परत दिला.

"अक्षर माझं नाही," तो म्हणाला.

"मग सोपं आहे," चेरेमे म्हणाले. "स्टुलाला हात लाव आणि म्हण, मी पाठवलं नाही, कुणी पाठवलं ते मला माहीत नाही."

दुसरा भाग दादानं आधी सांगितला नव्हता. तो चेरेमेंनी त्या वेळी जोडला, का त्यांचं आधी ठरलं होतं, मला आजही कळलेलं नाही.

आदोमाको उभा राहिला. "मी शपथ घेणार नाही."

मावस बहिणीनं श्वास घेतला तो मला ऐकू आला.

"मामा," तो म्हणाला, "मी बाटल्या भरल्या होत्या. माझ्या बॅगेत आहेत. तुमची भीती वाटली आणि तुमच्यावर मायाही होती, म्हणून पाठवल्या नाहीत. ज्यानं पाठवल्या तो माझ्यापेक्षा बरा. त्या शेडमधली पावडर कापडाची आहे. ती बंद होत नसेल तर मला गोदाम नको, ट्रक नकोत. तुमच्या हयातीतही नको आणि नंतरही नको."

दादाचा आवाज अगदी हळू झाला. "म्हणजे तुला माहीत आहे कोण ते."

तो गप्प.

"नाव सांग."

चेरेमेंनी काठी जमिनीवर टेकवली. व्हरांड्यातली सावली दाराकडे सरकली. ती आत येणार होती की पळून जाणार होती, देव जाणे. मला फक्त एवढं दिसलं, की माझ्या पोरानं सगळं हातचं सोडलं आणि मी चार दिवस जोडलेला हिशोब तिथंच संपला.

"मी पाठवल्या," मी म्हटलं.

दादा हसला. "तू? तुझा चष्मा फुटलाय ना?"

"दादा, माझ्या घरात चार वर्षांत तुझं तेल कढईत पडलं नाही. आणि तूही माझ्याकडे जेवताना आधी रंग बघतोस. तुझ्या स्वयंपाकघरात तरी तुझा डबा आहे का? उठून बघू या सगळे?"

कुणी उठलं नाही. पण मावस बहिणीनं खाली बघितलं, तिच्या थोरल्यानं खाली बघितलं, आणि चेरेमेंनी घसा साफ केला. मला तेव्हा कळलं, या खोलीत एकाच्याही घरी तो डबा फुटत नव्हता. आम्ही सगळेच ते इतरांना खायला घालत होतो.

दादानं खालचं पांढरं कापड वर ओढून स्टूल स्वतःच्या हातानं झाकलं आणि म्हणाला, "बैठक संपली."

नऊ दिवसांनी तपासणीवाले पोलीस घेऊन आले. तोवर पिंपं हलवलेली होती. फक्त एक सापडलं, आणि जमिनीवरचे लाल डाग. गोदामाला सील लागलं. परवाना गेला. खटला अजून चालू आहे, दादा दर तारखेला कडक कपडे घालून जातो. चार भाच्यांपैकी कुणी वारस व्हायला पुढे आलं नाही.

आदोमाको आणि कोनादूचं लगेच गोड झालं असं समजू नका. तो सहा महिने तिच्याशी नीट बोलला नाही. "तू व्हरांड्यात उभी होतीस," एवढंच म्हणायचा. ती म्हणायची, "मी दाराशी आले होते. आत्या आधी बोलल्या." "आई नसती बोलली तर?" "तर मी बोलले असते." तो मान हलवायचा. आणि ती त्याला ऐकवायची, "तुझ्या बॅगेत दोन बाटल्या होत्या, मेण लावून. कशाची वाट बघत होतास?" शेवटी मी दोघांना म्हटलं, चार दिवस मला दोघांचं माहीत होतं आणि मी बोलले नाही, तेव्हा भांडायचंच तर माझ्याशी भांडा. कोनादू भांडली. आदोमाको नाही भांडला. त्यानं फक्त माझ्या हातचं जेवण आठवडाभर घेतलं नाही.

पुढे ती दोघं जुआबेनकडे गेली, माझ्या त्या तेलवालीच्या गावाला. तिथल्या बायका तेल काढतात, ही दोघं ते तपासून डबे भरतात. लहानसं काम आहे. दोन वर्षांनी ती लग्नाला तयार झाली, तेव्हा मुलीचं दार वाजवायला, म्हणजे रीतसर मागणी घालायला, मीच दारूच्या दोन बाटल्या घेऊन दादाकडे गेले. बहीण भावाकडे पाहुण्यासारखी. त्यानं रिवाजाप्रमाणे बसायला दिलं, पाणी दिलं, आणि परक्या माणसाला विचारावं तसं विचारलं, "काय निमित्तानं आलात?"

मी सांगितलं. त्यानं बाटल्या ठेवून घेतल्या.

"पोरगी न्या," तो म्हणाला. "ती काही बोलली नाही, पण त्या दिवसापासून माझ्याकडे लक्ष तिनंच दिलं. दर महिन्याला येते, डोळ्यांत औषध घालते." मग म्हणाला, "तू मात्र माझ्या घरात जेवू नकोस, आफ्रा. मीही तुझ्याकडे जेवणार नाही. सख्ख्या बहिणीनं असं करावं हे मला अजून पटत नाही."

खरं माझ्या जिभेवर आलं होतं. आतल्या खोलीत कोनादू त्याचे कपडे घडी करत होती, आणि तिचे हात थांबलेले मला दारातून दिसत होते.

मी पाणी संपवलं, पेला खाली ठेवला आणि म्हटलं, "लग्न ऑगस्टमध्ये धरू या. पावसाची मधली उघडीप असते."

"धरा," तो म्हणाला.